मालिका-दिग्दर्शनाची आठ रविवारांची कार्यशाळा: पैसे कुठे वसूल होतात, कुठे नाही

पुण्यात कर्वे रस्त्यावरून आत वळलं की ज्या गल्ल्यांतले निम्मे बंगले डान्स क्लासला आणि उरलेले सीए फर्मला भाड्याने गेलेत, त्यातल्याच एका बंगल्याच्या पहिल्या मजल्यावर ही कार्यशाळा भरते. आठ रविवार, सकाळी साडेनऊ ते संध्याकाळी सहा, सोळा जणांची तुकडी, फी 22,000 रुपये. विषय एकच, रोजची मालिका दिग्दर्शित कशी करायची, आणि त्यातही भर दुपारच्या मालिकांवर. शिकवणारे दोघं: बरीच वर्षं मालिका केलेले एक दिग्दर्शक आणि एक संकलक. पुढे तक्रारीही आहेत, म्हणून संस्थेचं नाव घेतलेलं नाही.

निकाल आधीच सांगतो. चौथा आणि पाचवा रविवार मिळून सगळी फी वसूल होते. आठवा रविवार घरी झोपून काढलात तरी चालेल.

पहिल्या दिवशी टीव्ही चक्क भिंतीकडे तोंड करून ठेवतात आणि दुपारच्या एका मालिकेचा भाग नुसता ऐकवतात. ऐकून कागदावर लिहायचं: घरात कोण कोण आहे, मधेच कोण आलं, भांडण कशावरून आहे, आणि प्रसंग हॉलमध्ये चाललाय की स्वयंपाकघरात. गंमत वाटते, पण ही कार्यशाळेतली सगळ्यात हुशार कल्पना आहे. दुपारचा प्रेक्षक समोर बसून बघत नाही. भाजी निवडणं चालू असतं, इस्त्री चालू असते, मूल झोपवणं चालू असतं. निम्मा वेळ कान मालिकेत आणि डोळे हातातल्या कामात. हा प्रकार मुळात रेडिओवरच जन्माला आला. अमेरिकेत 'गायडिंग लाइट' 1937 मध्ये रेडिओवर सुरू झाली, 1952 मध्ये टीव्हीवर आली आणि 2009 पर्यंत चालली. साबण विकणाऱ्या कंपन्यांनी पैसे घातले म्हणून 'सोप' हे नाव पडलं. आपल्याकडे दूरदर्शनवर 1994 मध्ये 'शांती' आली आणि रोज दुपारी ठरलेल्या वेळी टीव्ही लावायची सवय लागली. पुढे मराठीत 'दामिनी'ने तीच सवय घराघरांत पक्की केली.

यातून दिग्दर्शकाने करायच्या गोष्टी अगदी ठोस निघतात. प्रसंगाच्या पहिल्या दोन वाक्यांत कोणाचं तरी नाव कानावर पडलं पाहिजे. कोणी आत आलं की आधी त्याचा आवाज यावा: चपला काढल्याचा, कडीचा, बांगड्यांचा. लेखकाने हे लिहिलेलं नसतंच, सेटवर घालावं लागतं, आणि ध्वनीमुद्रकाला आधी सांगितलं नाही तर पार्श्वसंगीताखाली गाडलं जातं. इथे शिकवणाऱ्यांचा एक नियम मात्र पटला नाही. तीन सेकंदांपेक्षा जास्त शांतता ठेवायची नाही, खाली संगीत हवंच, असं ते म्हणतात. उलट आहे. सलग वाजणाऱ्या संगीतात कान मरून जातो. आवाज अचानक थांबला की भाजी निवडणारी बाई मान वर करते. दिवसातून एकदाच वापरायची ही चीज आहे, पण आहे.

दुसरा रविवार हिशेबाचा. हा भाग फळ्यावर नीट मांडतात, आणि ज्याला यात रस नाही त्याने दुसरा धंदा बघावा. तासाला जाहिरातींना जास्तीत जास्त 12 मिनिटं, म्हणजे अर्ध्या तासाला 6. उरलेल्या 24 मधून आधीच्या भागाची झलक, पुढच्या भागाची झलक आणि शीर्षकं वजा केली की 21-22 मिनिटांचं फुटेज रोज निघायला हवं. 12 तासांची शिफ्ट. त्यातून जेवण, चहा, मेकअपची वाट बघणं, लाइट लावणं काढा. शुद्ध शूटिंगचे 9 तास हाती आले तर नशीब. 540 मिनिटांत 22 मिनिटं, म्हणजे पडद्यावरच्या एका मिनिटाला सेटवर 25 मिनिटंसुद्धा नाहीत. त्यात तालीम, मास्टर (सगळा प्रसंग रुंद फ्रेममध्ये), क्लोज (नुसता चेहरा), रिटेक आणि काकूंचा बीपीच्या गोळीचा ब्रेक, सगळं आलं.

हा हिशेब मनात पक्का बसला की बाकीचे निर्णय आपोआप होतात. एका प्रसंगाचं लायटिंग बदलायला 20 मिनिटं गेली, तर तेवढ्या वेळात पडद्यावरचे साधारण 48 सेकंद निघाले असते. म्हणून सगळे शॉट आधी एका बाजूचे घ्यायचे, मग एकदाच लाइट फिरवून काउंटर, म्हणजे समोरच्या बाजूचे. म्हणून तीन भागांतले हॉलमधले सगळे प्रसंग एकाच दिवशी. म्हणून ट्रॉली, म्हणजे रुळांवरून सरकणारा कॅमेरा, आठवड्यातून एकदाच, लग्न-मृत्यू-घटस्फोटाला. कार्यशाळेत यावर दिलेलं गृहपाठाचं पान उत्तम आहे: आठ प्रसंग, पाच कलाकार, त्यातली एक फक्त दुपारी 2 नंतर मोकळी, दोन जागा. क्रम लावा. तुकडीतले बहुतेक जण कथेच्या क्रमाने लावतात आणि लाइट सहा वेळा हलवतात. बरोबर उत्तरात तो तीन वेळाच हलतो. इथे एक उणीव आहे. बँक, म्हणजे वाहिनीकडे आधीच तयार पडलेले भाग, किती आहेत यावर हा क्रम बदलतो, हे सांगायचं राहून जातं. बँकेत दहा भाग असले तर वरचा हिशेब. बँक संपली आणि आजचा भाग उद्या जायचा असला तर ज्या भागाचं प्रक्षेपण आधी, त्याचे प्रसंग आधी, मग लाइट सहा वेळा हलला तरी चालतो.

तिसऱ्या रविवारी कॅमेऱ्याची तोंडओळख. लेन्स, फ्रेम, टू-शॉट (फ्रेममध्ये दोघं), ओएस (एकाच्या खांद्यावरून दुसऱ्याचा चेहरा). मोबाइलवर पाहून येण्यासारखं आहे, इतकंच.

चौथा रविवार स्क्रिप्ट मार्किंगचा, आणि याच्यासाठी जावं. दीड पानाचा एक प्रसंग देतात. सासू सोफ्यावर फोन कानाला लावून. सून ट्रे घेऊन स्वयंपाकघरातून येते. नवव्या संवादाला नणंद दारात उभी राहते आणि म्हणते, "आई, तो परत आलाय." एकूण 14 संवाद, तीन कॅमेरे. कागदाच्या डाव्या समासात प्रत्येक शॉटला क्रमांक आणि कॅमेऱ्याचा आकडा, मजकुरावरून उभी रेघ शॉट जिथवर चालतो तिथवर, आणि कट जिथे पडतो त्या अक्षरावर आडवी खूण. वाक्यावर नाही, अक्षरावर.

बहुतेक जण पहिला कॅमेरा मास्टरला, दुसरा सासूच्या क्लोजला, तिसरा सुनेला लावतात. इथपर्यंत ठीक. नणंद आली की दुसरा कॅमेरा दाराकडे फिरवतात, आणि प्रसंगातली एकमेव महत्त्वाची गोष्ट, ते वाक्य ऐकताना सासूचा चेहरा, हातची जाते. उपाय साधा आहे. आठव्या संवादाला पहिल्या कॅमेऱ्याने हळूच रुंद होऊन दार फ्रेममध्ये आणून ठेवायचं. सून त्या वेळी टीपॉयवर ट्रे ठेवायला वाकलेली असते, तिचा चेहरा नकोच आहे, त्यामुळे तिसरा कॅमेरा मोकळा होऊन नणंदेच्या क्लोजला जातो. दुसरा सासूवरून हलत नाही. आणि कट? "आई, तो परत आलाय" संपल्यावर सासूकडे गेलात तर उशीर झाला. खूण 'परत'च्या 'प'वर. 'आलाय' हा शब्द सासूच्या चेहऱ्यावर पडला पाहिजे. बातमी सांगणाऱ्याच्या तोंडात नसते, ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर असते, हे शिकवणाऱ्या बाईंनी पेन्सिलीच्या एका खुणेत दाखवलं. संकलक आहेत त्या, आणि दोघांत शिकवण्याची हातोटी त्यांच्याकडेच जास्त आहे.

पाचव्या रविवारी तोच प्रसंग प्रत्यक्ष. तीन कॅमेरे, एक लहान व्हिडिओ मिक्सर (बटण दाबून कोणत्या कॅमेऱ्याचं चित्र घ्यायचं ते ठरवणारं यंत्र), दोन लेपल (कपड्याला लावायचे माइक), एक बूम (दांडीवरून वर धरायचा माइक), चार एलईडी पॅनेल. एक जण दिग्दर्शक, एक मिक्सरवर, तिघं कॅमेऱ्यांवर, बाकी कलाकार. "स्टँडबाय टू... टेक टू," म्हणजे दुसरा कॅमेरा तयार राहा, आणि आता त्यावर कट. दूरदर्शनच्या स्टुडिओत असंच चालायचं आणि अमेरिकेतल्या दुपारच्या मालिकाही नियंत्रण कक्षात बसूनच अशा बांधल्या गेल्या. आपल्याकडच्या खासगी वाहिन्यांच्या मालिकांत मात्र सहसा कॅमेरे स्वतंत्र रेकॉर्ड होतात आणि कट नंतर टेबलावर पडतो. मग मिक्सर कशाला शिकायचा, असा प्रश्न तुकडीतून येतोच. उत्तर असं की मिक्सरवर चूक लपत नाही. तोंडातून 'टेक' निघाल्यापासून बटण दाबलं जाईपर्यंत अर्धा सेकंद जातो, म्हणजे खूण 'परत'वर असेल तर हाक 'तो'वरच द्यावी लागते. पहिल्या वेळी सगळ्यांचेच कट उशिरा पडतात. चौथ्या वेळी कान तयार होतो. हा कान एकदा झाला की पुढे मॉनिटरसमोर बसून प्रसंग चालू असतानाच कळतं की इथे क्लोज लागणार आणि तो घेतलेला नाही. संकलकाचा रात्री साडेअकराचा फोन वाचतो.

त्याच दिवशी एक गोंधळ झाला, पण त्यातून शिकण्यासारखं होतं. तिसऱ्या कॅमेऱ्याच्या चित्रात वरून खाली सरकणारे फिकट पट्टे दिसत होते. हॉलमधल्या जुन्या ट्यूबलाइट चालू राहिल्या होत्या आणि त्या कॅमेऱ्याचं शटर 1/60 वर होतं. आपली वीज 50 हर्ट्झची, ट्यूब सेकंदाला 100 वेळा लुकलुकते. शटर 1/50 ठेवलं की प्रत्येक फ्रेममध्ये बरोबर दोन लुकलुकी मावतात आणि उजेड सारखा येतो. 1/60 मध्ये जेमतेम पावणेदोनचा अपूर्ण हिशेब होतो आणि पट्टे पडतात. फ्रेम रेट 25, शटर 1/50, तिन्ही कॅमेऱ्यांचा व्हाइट बॅलन्स हाताने एकच आकडा, ऑटो काहीही नाही. ही तपासणी कॅमेरामन करतो हे खरं, पण पट्टे दिसले की सेटवर सगळे बघतात दिग्दर्शकाकडे. सकाळी साडेनऊला हे तपासलं असतं तर 50 मिनिटं वाचली असती. शिकवणाऱ्यांनी चूक मान्य करून कारण फळ्यावर समजावलं, हे त्यांच्या बाजूने.

मालिकांचा उजेड इतका सपाट का असतो, हेही इथे उलगडतं. दोन कॅमेरे एकमेकांना छेद देऊन समोरासमोरचे क्लोज एकाच वेळी घेत असतील तर एकाची मागची बाजू ही दुसऱ्याची पुढची. एका बाजूने झकास सावली पाडली की दुसऱ्या चेहऱ्याचा सत्यानाश. त्यात वरून बूमची सावली. म्हणून वरून मऊ, सगळीकडून सारखा उजेड. सौंदर्यदृष्टी नाही म्हणून नव्हे, वेळ नाही म्हणून. थोडी सुधारणा करायची तर पात्रांना भिंतीपासून पाच-सहा फूट पुढे आणायचं आणि मागच्या भिंतीवरचा उजेड कमी करायचा. चेहऱ्यावरचं काही न बदलता चित्राला खोली येते.

पुण्यातल्या तुकडीचा एक खास दोष असतो. निम्म्याहून जास्त जण एकांकिका स्पर्धांतून आलेले, पुरुषोत्तम नाहीतर फिरोदिया केलेले. नटांशी बोलणं त्यांना छान जमतं, हे मालिकेत दुर्मीळ आहे आणि मोठं भांडवल आहे. पण पात्रं उभी करताना ते अजून शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकासाठी उभी करतात. सहा जणांचं कुटुंब सोफ्यामागे अर्धवर्तुळात, सगळ्यांची तोंडं पुढे. कॅमेऱ्यात हा वरातीचा फोटो दिसतो. आणि ॲक्सिस, म्हणजे कॅमेऱ्याने ओलांडायची नसते ती दोन पात्रांमधली रेषा, तुटते. सासू-सून बोलताना दोघींमधली रेषा एक, नणंद दारात आली की तिच्या नजरेने दुसरी रेषा तयार होते, आणि पुढच्या क्लोजमध्ये सून डावीकडे बघायची ती उजवीकडे बघू लागते. सेटवरचा स्वस्त उपाय म्हणजे रेषा कॅमेऱ्याने नव्हे, नटाने ओलांडायची. सुनेला ट्रे ठेवून सासूच्या पलीकडे जाऊ द्या, ते जाणं मास्टरमध्ये दिसू द्या, नवी रेषा प्रेक्षकाने डोळ्यांनी पाहिलेली असते. सहाव्या रविवारी यावर तीन तास खर्च होतात, आणि ते कमीच पडतात.

कंटिन्यूटीवरचा, म्हणजे एका शॉटमधलं दुसऱ्यात जुळतं ठेवण्यावरचा, सातवा रविवार निम्मा बरा. प्रत्येक प्रसंग संपताना प्रत्येक नटाचा पुढून, मागून आणि दोन्ही हातांचा फोटो, त्यावर भाग, प्रसंग आणि कथेतला दिवस. हा कथेतला दिवस फार जण लिहीत नाहीत आणि तिथेच घोळ होतो. कथेतला एक मंगळवार कधीकधी सहा भाग चालतो, शूटिंगला पंधरा दिवस लागतात, आणि तोवर साडी ड्रायक्लीनला गेलेली असते. मंगळसूत्र पदराच्या आत की बाहेर, टिकली कोणती, कपात चहा किती. शिकवणारे वेशभूषेवर थांबतात. भावनेची कंटिन्यूटी कोण सांभाळणार? सकाळी 11 ला 212 व्या भागातलं रडणं, 12 ला 210 व्यातलं हसणं, आणि मधे घडलेलं काय ते नटाला दिग्दर्शकानेच दोन वाक्यांत सांगायचं असतं, कारण संवाद सकाळी व्हॉट्सॲपवर आलेले असतात आणि आधीचा भाग कोणी वाचलेला नसतो. यावर सरावाचा एक तास हवा होता.

आता आठवा रविवार, 'करिअर मार्गदर्शन'. ग्लोरिया माँटी यांची गोष्ट रंगवून सांगतात. गोष्ट खरी आणि दणदणीत आहे. 'द सीक्रेट स्टॉर्म'चं दिग्दर्शन वर्षानुवर्षं केलेली ही बाई 1978 मध्ये 'जनरल हॉस्पिटल'ची निर्माती झाली. मालिका बंद पडायच्या बेतात होती. त्यांनी प्रसंग लहान केले, वेग वाढवला, आणि नोव्हेंबर 1981 मधलं ल्यूक आणि लॉराचं लग्न सुमारे 3 कोटी लोकांनी भर दुपारी पाहिलं. टाळ्या. पण यातून 'तुम्हीही दोन वर्षांत दिग्दर्शक' असा निष्कर्ष काढून दाखवणं म्हणजे फी घेऊन केलेली थाप आहे. तिथे एका मालिकेला आळीपाळीने काम करणारे अनेक दिग्दर्शक असत, त्यामुळे पुढच्या भागाची तयारी करायला दिवस मिळत. आपल्याकडे एकच माणूस रोज फ्लोअरवर. तयारी करायची ती गाडीत.

इथली शिडी अशी आहे: कंटिन्यूटी सांभाळणारा सहाय्यक, मग दुसरा, मग पहिला, मग मुख्य सहाय्यक, मग दिग्दर्शक आजारी पडल्यावर किंवा बँक संपल्यावर लागणारं दुसरं युनिट, मग एपिसोड दिग्दर्शक, आणि मग कधीतरी संपूर्ण मालिका. दुसऱ्या युनिटवर मिळतात ते उरलेसुरले प्रसंग: फोनवरचं बोलणं, गाडीतलं बोलणं, देवघर. ते ज्याने वेळेत आणि जोडता येतील असे आणून दिले, त्याला पुढचं काम मिळतं. वाहिनीच्या क्रिएटिव्ह टीमशी कसं बोलायचं यावर कार्यशाळेत अवाक्षर नाही. गुरुवारी रेटिंगचे आकडे आले की ट्रॅक, म्हणजे कथेचा धागा, बदलतो, शुक्रवारी काढलेले प्रसंग सोमवारी कचऱ्यात जातात, आणि चेहऱ्यावर सुरकुती न आणता ते पुन्हा काढायचे असतात. निम्मं करिअर म्हणजे हेच.

पैशांबद्दलही गप्प. सहाय्यकाला दिवसावर, दिग्दर्शकाला दिवसावर किंवा भागावर. बिल दिल्यावर 90 दिवसांनी पैसे ही या धंद्यातली जुनी प्रथा, त्यातून 10 टक्के टीडीएस कापून. म्हणजे पहिले तीन-चार महिने खिशातून खायची तयारी हवी. आणि काम मुख्यतः मुंबई-ठाण्यात, गोरेगाव, मढ, घोडबंदर. पुण्यातून ये-जा करून जमेल हा भ्रम कुणीतरी पहिल्याच दिवशी मोडायला हवा. डेक्कन क्वीन शिवाजीनगरपर्यंतही पोचत नाही तेव्हा, सव्वासातला, तिकडे पहिल्या कलाकाराचा मेकअप सुरू झालेला असतो. ठाण्यात कॉट बेसिसवर जागा, हा खर्च फीपेक्षा मोठा आहे.

पुण्यातल्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटशी (एफटीआयआय) तुलना लोक करतात म्हणून दोन वाक्यं. प्रभात फिल्म कंपनीच्या आवारात 1960 मध्ये सुरू झालेली ती संस्था, 1974 मध्ये टेलिव्हिजन विभागही पुण्यात आला, आणि तिथला टीव्ही दिग्दर्शनाचा अभ्यासक्रम पूर्ण वर्षाचा, प्रवेश परीक्षेतून मिळणारा आहे. आठ रविवारांकडून तेवढं मागणं अन्याय होईल. उलट, जो सेटवर सहा महिने सहाय्यक म्हणून राबलाय त्याला या कार्यशाळेत चौथा-पाचवा रविवार सोडला तर नवं काही नाही. नाटक करून कंटाळलेल्या, कॅमेऱ्याची भाषा न येणाऱ्या आणि मुंबईला जायचं नक्की ठरवलेल्या माणसाला मात्र ती नक्की उपयोगी आहे.

जाणार असाल तर किरकोळ पण कामाचं. खुर्च्या प्लास्टिकच्या, पाठीला उशी न्या. रेकॉर्डिंग सुरू असताना एसी बंद करतात, एप्रिल-मे मधली तुकडी टाळा. जेवण फीमध्ये नाही आणि सुट्टी 1 ते 1:45, त्यामुळे रविवारी थाळीसाठी रांगेत उभं राहायचं स्वप्न बघू नका, डबा न्या. दुचाकी गल्लीत लागते, चारचाकी विसरा. सरावाचं फुटेज पेनड्राइव्हवर मागा, स्वतःहून देत नाहीत. तिन्ही कॅमेऱ्यांचं वेगवेगळं मागा, मिक्सरमधून निघालेलं एकच नको, म्हणजे घरी बसून आपले उशिरा पडलेले कट पुन्हा लावून बघता येतील. मार्किंगच्या रविवारचा प्रसंग आधीच मोबाइलवर पाठवतात. आदल्या रात्री छापून घ्या, एका बाजूने, डावीकडे दोन इंच समास सोडून. पेन नको, पेन्सिल, आणि खोडरबर मोठा.